जानमार्कोतला मार्को

"मग यातलं माझं नाव कोणतं, फादर? जान, की मार्को?"

जानमार्कोने हे विचारलं तेव्हा त्याचे गुरू, म्हातारे फादर पिएरलुईजी, शिडीवर उभे राहून ऑलिव्ह तोडत होते. इटलीतल्या एका डोंगरावरचा लहानसा मठ तो. खाली फाटकाशी जानमार्कोचा मेहुणा रॉक्को गाडी जुंपून उभा होता आणि सारखा हाका मारत होता.

घरी आई शेवटच्या घटका मोजत होती. संध्याकाळ गाठते की नाही, कुणी सांगावं! आणि हा पठ्ठ्या इथे नावाची फोड करत बसला होता.

"आता नाव कशाला फोडायला निघालास?" फादर वरूनच म्हणाले. "या डोंगरात खडा टाकावा तर कुठल्या तरी जानला लागायचा. जानलूका, जानपाओलो, जानकार्लो... माझंच बघ ना. बापाचा बाप पिएत्रो, आईचा बाप लुईजी. माझ्या बाप्तिस्म्याच्या जेवणात दोघे म्हातारे हातघाईवर आले. एकाला दुखवावं तर शेत हातचं जातं, दुसऱ्याला दुखवावं तर द्राक्षमळा. शेवटी आईने दोन्ही नावं एकत्र केली आणि दोघांना मुकाट्याने जेवायला बसवलं."

एरवी जानमार्को हसला असता. लॅटिनमध्ये अख्ख्या मठात त्याचा हात धरणारं कुणी नव्हतं, आणि असल्या गावठी गोष्टी तो वरवर हसून सोडून देई. आज त्याला हसू येईना.

"माझ्या नावाचं तसं नाही, फादर. जान म्हणजे जोव्हान्नी, माझे वडील. आणि मार्को..."

तो अडखळला.

"मार्को माझा थोरला भाऊ. मी जन्मायच्या आधीच तापाने गेला. आमच्याकडे गेलेल्याचं नाव पाठच्याला देतात. पण वडिलांना धास्ती वाटली. नुसतं मार्को नको म्हणाले, आणि पुढे आपलं नाव जोडलं."

"मग?"

"मग काय! आईच्या तोंडी ते पुढचं कधी आलंच नाही. जेवायला ये मार्को, दार लाव मार्को. मी वळलो की माझ्याकडे बघायची... आणि तिचा चेहरा उतरायचा. म्हणून तर मी इथे आलो, फादर. व्रत घेताना हवं तर नवं नाव मिळतं म्हणून. माझ्या एकट्याचं. कुणाचं उष्टं नसलेलं."

टोपलीत ऑलिव्ह पडत राहिले.

"अरे, येतोस की जाऊ मी?" खालून रॉक्को ओरडला.



"कालपासून ती कुणालाच ओळखत नाही," तो घाईघाईने म्हणाला. "नुसती मार्को, मार्को करतेय. रॉक्को म्हणतो चल. पण ती मला बोलावतच नाहीये! मी समोर जाऊन उभा राहिलो आणि तिने विचारलं, तू कोण... तर?"

"तर काय?"

"मला नाही सोसायचं ते! आणि मी गेलो नाही अन् ती गेली, तर तेही नाही सोसायचं. सांगा ना, फादर! जाऊ की नको?"



फादरांनी अगदी वरच्या फांदीकडे हात लांबवला. शिडी करकरली आणि एका अंगाला कलली.

"बेप्पे! अरे बेप्पे, धर रे!"

जानमार्कोने झेप घेतली. शिडीला खांदा दिला, एका हाताने म्हाताऱ्याचा पाय घट्ट धरला. टोपली उपडी झाली, ऑलिव्ह गडगडत उताराला लागले. फादर एकेक पायरी चाचपत खाली आले.

"लागलं नाही ना? या वयात शिडीवर कशाला चढता? पडला असता म्हणजे!"

"पडलो नाही ना," म्हणत फादरांनी झगा झटकला.

जानमार्कोच्या जिवात जीव आला. मग कुठे त्याच्या ध्यानात आलं.

"हा बेप्पे कोण, फादर? आपल्याकडे तर या नावाचं कुणी नाही."

"आपलं खेचर होतं. शिडीला अंग लावून उभं राहायचं. तू यायच्या आधीच मेलं बिचारं."



फादर खाली वाकले आणि सांडलेले ऑलिव्ह वेचू लागले. वर न बघताच म्हणाले,

"तुला मी हाक मारलीच नव्हती, पोरा. मग तू का धावलास?"