धुतलेला काटा

माणसाने अजून कुदळ घडवली नव्हती, तेव्हाची गोष्ट. रताळ्यांच्या एका माळावरून ससे आणि घुशी यांच्यात जुंपली. साळूबाई साळिंदरीण दोघांनाही भाल्यांसाठी आपले काटे विकायच्या. एका काट्याला एक रताळं. "माल आमचा सरळ आहे, भांडण वाकडं असेल तर ते तुमचं," असं वर म्हणायच्या. काटे पुन्हा उगवत, लढाई वाढत जाई आणि माळावरची रताळी साळूबाईंच्या बिळात येत. शेवटी बीळ इतकं भरलं की बाईंना बाहेर निजावं लागलं.

एका सकाळी एक म्हातारी घूस आली. तिच्या हातात काटा होता आणि पानात थोडी करवंदं.

"साळूबाई, तुमची वस्तू आमच्याकडे राहिली होती. धुऊन आणलीय."

"कुठे सापडली?"

"आमच्या थोरल्याच्या डोळ्यात. शेजारणीची वस्तू नुसती परत करू नये, म्हणून ही करवंदं."

म्हातारी गेली. साळूबाईंनी एक करवंद तोंडाशी नेलं आणि तसंच परत पानात ठेवलं.

मग त्यांनी टोपलीत रताळी भरली आणि दोन्हीकडे दारोदार फिरल्या. "आमचे काटे तुमच्याकडे राहिलेत, तेवढे द्या. आणि ही रताळी ठेवा, रिकाम्या हाती कशी येऊ?" शेजारीण आपलीच वस्तू मागतेय, तिला नाही कसं म्हणायचं? सगळ्यांनी काटे दिले.

दुसऱ्या दिवशी दोन्ही फौजा माळावर उभ्या राहिल्या. लढाई आता नुसत्या तोंडानेच करायची उरली होती, आणि तोंडात तर रताळी होती.