टिकलीखालचा दिवा

गाडीचे भाग आपसांत भरपूर बोलायचे, त्या काळातली ही गोष्ट.

प्रल्हाद शेडगेच्या जीपला प्रत्येक चाकापाशी एक सेन्सर होता. चाक किती वेगानं फिरतंय ते चौघं ब्रेक सांभाळणाऱ्या एबीएसला सांगायचे, म्हणून जोरात ब्रेक मारला तरी चाकं जाम होत नसत. दसऱ्याला प्रल्हादनं तारेत ओवलेला झेंडूचा हार पुढच्या डाव्या चाकाला बांधला. दुसऱ्या दिवसापासून तिथला सेन्सर गप्प झाला.

"कामचुकार मेला!" बाकीचे तिघं म्हणाले.

एबीएसनं काम थांबवलं आणि डॅशबोर्डवरचा पिवळा दिवा लावला. प्रल्हाद वैतागला. त्यानं बायकोची मोठी टिकली दिव्यावर चिकटवून टाकली.

"दिसलो नाही तरी मी पेटलेलाच राहीन," दिवा म्हणाला.

चार दिवसांनी घाटात म्हैस आडवी आली. ब्रेक दाबताच चाकं जाम झाली आणि जीप घसरत जाऊन दरीच्या कठड्याला टेकली.

हमीदचाचा मेकॅनिकनं आधी टिकली काढली, मग तपासणीचं यंत्र लावून पुढच्या डाव्या चाकाचा सेन्सर बोलत नसल्याचं सांगितलं.

"चाचा, सेन्सर बदलून टाका," प्रल्हाद म्हणाला.

चाचांनी आधी चाक खोललं. आत हाराची तार गुंडाळली होती, तिनं सेन्सरची वायर तोडली होती.

"हा गप्प नव्हता रे. ओरडत होता बिचारा, आवाज पोचत नव्हता."

वायर जोडली. दिवा विझला.

"माझ्यासाठी तू एकटाच पेटून राहिलास," सेन्सर त्याला म्हणाला.

आता रोज किल्ली फिरवली की तो दिवा क्षणभर लागतो आणि विझतो. तेवढ्यात प्रल्हाद त्याला हात जोडून घेतो.