घंटेचा मान

त्या माळावर गवत उदंड होते, पाणी बारमाही होते, पण धावणारे कोणी उरले नव्हते. बैल चालत, मेंढ्या चालत आणि कोल्हे पोटापुरते दुडकत. वाऱ्याशी शर्यत लावणारी हरणे कधीच परागंदा झाली होती. बैलांच्या आजोबांनीच शिंगे रोखून त्यांना हुसकावले होते. पण आजोबांच्या गोष्टी नातवंडांना सोयीपुरत्याच आठवतात.

पुढे शेजारच्या माळावर हरणे बागडतात असे कानी आले आणि बैलांच्या पंचायतीला एकाएकी हरणांचा पुळका आला. पंचायतीचे प्रमुख होते वशिंडराव. त्यांचे वशिंड मोठे होते, मनही मोठे होते, कान मात्र जरा लहान पडत. "आपली हरणं आपल्या माळावर परत आलीच पाहिजेत," असे त्यांनी फर्मावले. हरणांना डोळ्यांवर पट्टी बांधून आणले गेले, कारण एरवी ती वाटेत भीतीनेच मरतात. पट्टी सुटली तेव्हा पायांखाली पूर्वजांचे गवत होते आणि भोवती सत्काराला जमलेले बैल होते.

सत्कार म्हणजे घंटा. बैलांत घंटेचा मोठा मान. ज्याच्या गळ्यात घंटा नाही तो बेवारशी, अशी त्यांची समजूत होती. बैलांना खुरांनी गाठ मारता येत नसे, म्हणून पंचायतीच्या चाकरीतल्या माकडांनी एकेका हरणाच्या गळ्यात पितळी घंटा बांधली.

"आता तुम्ही कुठंही असा, आम्हाला कळेल," वशिंडराव गहिवरून म्हणाले. त्यांचा गहिवर अगदी खरा होता. हरणांनी माना खाली घातल्या, तेव्हा घंटा वाजल्या आणि बैलांना तो होकार वाटला.

हरणांची रीत मात्र वेगळी असते. पाडस झाले की आई त्याला उंच गवतात निजवते आणि दूर निघून जाते. पाडसाच्या अंगाला वास नसतो. ते हलत नाही, हूं की चूं करत नाही. आई येते ती फक्त पाजायला, आणि तीही गुपचूप. बैलांना हे ठाऊक नव्हते. कोल्ह्यांना होते, पण आजवर त्याचा त्यांना उपयोग नव्हता. आता ते टेकाडावर कान टवकारून बसू लागले. घंटा चालत आली, थांबली, एकाच जागी थोडा वेळ किणकिणली की त्यांना जागा कळे. मग घंटा लांब जाईपर्यंत ते वाट पाहत.

भिंगरी नावाच्या हरिणीला जुळे झाले होते. त्यातले एक पाडस असेच गेले. ती वशिंडरावांपुढे येऊन उभी राहिली.

"दादा, ही घंटा काढा. हिच्यापायी माझं एक लेकरू गेलं. दुसरं अजून गवतात आहे."

"अगं, घंटा होती म्हणून निदान आम्हाला कळलं तरी!"

"गेल्यावर कळलं, दादा."

"मग मोठी घंटा बांधू. म्हणजे आधी कळेल." वशिंडरावांनी माकडांना खूण केली. "पोरी, आमच्या किती पिढ्यांनी ही मिरवली. कोल्ह्यानं कुणाला शिवलं नाही."

"तुम्हाला कोण शिवणार? तुम्ही बैल आहात."

हे वशिंडरावांना कौतुकाचे बोल वाटले आणि त्यांनी समाधानाने मान डोलावली. मोठी घंटा बांधली गेली. त्या दिवसापासून कोल्हे जवळच्या टेकाडावर येऊन बसले.

भिंगरीने दोन वेळा पाडसाकडे जायचे टाळले. तिसऱ्या वेळी कास ठणकू लागली, तिकडे लेकरू उपाशी होते, आणि तिला राहवेना. ती पाणवठ्यावर गेली, गळा चिखलात रुतवून घंटा काठोकाठ भरून घेतली आणि चिखल कडक होईपर्यंत उन्हात उभी राहिली. मग ती निघाली. पायांचा आवाज नाही, गळ्याचा नाही. टेकाडावरचे कोल्हे गोंधळून एकमेकांकडे पाहू लागले. पाडसही गोंधळले. आजवर घंटा वाजली की दूध येई. हे बिनआवाजाचे कोण आले म्हणून ते गवताला आणखीच चिकटले. आईने नाकाने ढोसले तेव्हा कुठे ते उठले आणि अधाशासारखे पिऊ लागले. तिच्या जिवात जीव आला. त्याला पुन्हा निजवून ती दूर पाणवठ्याकडे निघून गेली.

इकडे पंचायतीत हलकल्लोळ माजला. भिंगरीची घंटा बंद पडली होती.

"नेली! कोल्ह्यांनी पोर नेली!" वशिंडरावांच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहू लागले. "चला, सगळे चला. माना जोरात हलवा. आपण येतोय हे तिला कळू द्या, तिला धीर येईल."

भर दुपारी बैलांचा तांडा घंटा घणघणवत माळावर उतरला. त्यांच्या खुरांखाली उंच गवत आडवे होत गेले आणि मागे मोकळी वाट पडली. कोल्हे टेकाडावरून खाली आले आणि त्या वाटेने, काही घाई न करता, मागोमाग चालू लागले.

पाणवठ्यावरून भिंगरीला धूळ दिसली. धुळीचा रोख कुठे आहे हेही दिसले. ती सुटली. त्या माळावर तिला गाठील असा कोणी नव्हता, पण अंतर फार होते. तिने हाक मारली. एवढ्या घंटांच्या गजरात ती कोणाला ऐकू जाणार?

गवतात पाडसाने कान हलवले. घंटा! एक नव्हे, कितीतरी. थरथरत्या पायांवर अंग सावरत ते उभे राहिले आणि शेपटी हलवत आवाजाच्या दिशेने निघाले.

"बघा, बघा! आपल्याला ओळखतंय," वशिंडराव सद्गदित होऊन म्हणाले.

त्यांच्या मागे कोल्हे थांबले. आणि पलीकडून धावत येणारी भिंगरी, लेकराने आपल्याकडे वळावे म्हणून, जिवाच्या आकांताने मान हलवत होती. तिची घंटा वाजत नव्हती.