कथलाशिवाय कल्हई

एकदा एका बाजारगावात एक वृद्ध कल्हईवाला राहत असे. दस्तगीरचाचा त्याचं नाव. त्याच्या हातची चकाकी अशी, की त्याने कल्हई केलेल्या पातेल्यात एक कावळा डोकावला आणि आतल्या कावळ्याशी भांडत बसला. संध्याकाळपर्यंत भांडण चाललं आणि दोघांपैकी कोणीच हरलं नाही. यातलं निम्मं सोडून द्या. उरलेलं निम्मंही कमी नाही.

या चाचांचा एक शिष्य होता, निवास. वय एकोणीस. सोळाव्या वर्षी त्याला दारू लागली आणि एकोणिसावं उजाडेपर्यंत कॉलेज, सायकल आणि आईची झोप, तिन्ही गेली. व्यसनमुक्ती केंद्रातून तो बाहेर आला, तेव्हा आईनं त्याला चाचांसमोर आणून उभं केलं.

"याच्या हाताला काम द्या, चाचा. रिकामा हात बाटलीकडं जातोय."

चाचांनी भात्याकडे बोट केलं. "बस तिथं. आगीला वारा घाल. तोंडाची वाफ दवडण्यापेक्षा ते बरं."

निवास टिकला. दर गुरुवारी सरकारी दवाखान्यात दारू सोडलेल्यांची बैठक भरे. तिथे प्रत्येकाने उभं राहून आपले कोरडे दिवस सांगायचे, अशी रीत होती. गेल्या गुरुवारी निवासनं एकशे आठ सांगितले आणि टाळ्या पडल्या. टाळ्यांची चव त्याला ठाऊक नव्हती. ती बरी लागली.

एकशे चौदाव्या दिवशी, बुधवारी, मित्राच्या वरातीत तो प्यायला. "एकच घे रे, नवरा रुसेल," असं कोणीतरी म्हणालं. नवरा मुळीच रुसला नसता. आपण घोड्यावरून पडू नये, एवढीच नवऱ्याची त्या वेळी इच्छा होती. पण निवासनं एक घेतला आणि एकावर थांबण्याची कला त्याला कधीच जमली नव्हती.

गुरुवारी तो बैठकीला गेला नाही. उभं राहून आकडा काय सांगणार? डोक्यात घण पडत होते. चाचा कामासाठी शेजारच्या गावी गेलेले, आणि नेमकं त्याच दिवशी गुळाच्या व्यापाऱ्याचं तांब्याचं तपेलं आलं. तपेलं एवढं मोठं, की त्यात एक आचारी उतरला तर दुसऱ्याने वरून हाका मारून त्याची खुशाली विचारावी. शुक्रवारी व्यापाऱ्याच्या नातवाचं बारसं होतं. तीनशे पानं उठायची होती आणि तपेल्यात ताकाची कढी व्हायची होती.

आता आंबट पदार्थ उघड्या तांब्याला लागला की कळकतो, आणि कळकलेलं खाल्लं की पंगतच्या पंगत पोट धरून बसते. म्हणून तर कल्हई. भांडं आधी वाळू-चिंचेनं घासून लख्ख करायचं, मग तापवायचं, नवसागर टाकायचा, कथलाची कांडी टेकवायची आणि विरघळलेलं कथील कापसाच्या बोळ्यानं सगळीकडे फिरवायचं. घासण्यात कसूर झाली, तर कथील वरवर चमकतं, धरत मात्र नाही.

निवासनं भिंती घासल्या. बुडाशी वाकला तर डोक्यातले घण दुप्पट झाले. तिथला काळा थर तसाच ठेवून त्यानं वरून कथील फिरवलं. चकाकी झकास आली. व्यापाऱ्याचा गडी खूश होऊन तपेलं घेऊन गेला.

शुक्रवारी सकाळी चाचा परतले. तपेल्याचं ऐकून त्यांनी विचारलं, "बूड घासलंस नीट?"

"घासलं."

"शाब्बास."

त्या शाब्बासकीपेक्षा मुस्काटात बसली असती तरी चाललं असतं, असं निवासला वाटलं. तो भाता ओढू लागला. मनात हिशेब चालू झाला: सांगितलं तर बुधवारचंही निघणार, आईला कळणार, एकशे तेरा दिवस मातीत जाणार. न सांगितलं तर कोणालाच काही कळणार नाही. पंगतीला मात्र कळेल. त्या पंगतीत म्हातारे असतील, पोरं असतील आणि बाराच दिवसांची ती बाळंतीणही असेल.

त्यानं भाता सोडला आणि धावत सुटला.

व्यापाऱ्याच्या परसात आचारी ताकाची घागर उचलून तपेल्यावर वाकलाच होता.

"थांबा! ओतू नका!" निवास ओरडला. "बुडाशी कल्हई धरलेली नाही."

"डोळे फुटले काय तुझे? आरशागत चमकतंय की!"

निवासनं आत वाकून बुडावर अंगठा जोरानं घासला. चकाकी पापुद्र्यासारखी निघाली आणि खाली काळं दिसलं. आचाऱ्यानं घागर हळूच खाली ठेवली.

व्यापारी धोतर सावरत आला. "अरे, तीनशे माणूस दारात यायची वेळ झाली! हे काम कुणी केलं?"

"मी केलं, शेठ. चाचा गावात नव्हते. चूक माझी."

"चूक म्हणे! माझ्या सोयऱ्यांना आडवं पाडणार होतास की तू! एक तास देतो. एका तासात तपेलं परत पाहिजे."

हातगाडीवर तपेलं घालून निवास परत आला. चाचांसमोर उभा राहिला आणि एका दमात बोलून गेला.

"बुधवारी प्यालो. काल त्याच अमलात हे काम केलं. आज सकाळी तुमच्याशी खोटं बोललो. एवढं करून देतो आणि जातो. एकशे तेरा दिवस शून्य झाले, चाचा. पुन्हा एकपासून चढायचं माझ्यात बळ नाही."

 चाचांनी तपेल्यात डोकावून पाहिलं. "फक्त बूड घास. भिंतींना हात लावू नकोस."

निवासनं बूड घासलं. तांबं लालबुंद होईतो घासलं. तपेलं निखाऱ्यांवर चढलं, नवसागराचा पांढरा धूर उठला, आणि निवासनं कथलाच्या कांडीसाठी हात पुढे केला. चाचांनी कांडी उचलली आणि सरळ आपल्या सदऱ्याच्या खिशात टाकली.

"चाचा, कथील?"

"नाही मिळायचं."

"मग कल्हई कशानं करू? थुंकीनं?"

"जीभ शाबूत आहे म्हणजे बळही असेल. बोळा फिरव. भिंतीवरून खाली ओढ."

म्हाताऱ्याची बुद्धी चळली, असं मनात म्हणत निवासनं बोळा भिंतीवर टेकवला आणि खाली ओढला. तापलेल्या भिंतीवरचं कथील पाण्यासारखं सुटलं होतं. बोळ्याबरोबर ते चकाकत खाली आलं आणि बुडाच्या लाल तांब्यावर पसरलं. त्यानं पुन्हा ओढलं. चारही अंगांनी ओढलं. हळूहळू बूड पांढरं झालं. निवासनं अंगठा घासण्यासाठी हात पुढे नेला, तेव्हा चाचांनी तो धरला. "आधी निवू दे. अंगठा एकच आहे."

तपेलं निवलं. निवासनं जोर लावून घासलं. काही निघालं नाही.

"कथील कुठून आलं?" चाचांनी विचारलं.

"भिंतीवरचं."

"ते कालचंच ना? मग ते शून्य कसं झालं?" चाचा खाली बसले. "बेटा, एका दिवशी एक जागा उघडी पडली. एकशे तेरा दिवस भिंतीला तसेच आहेत. ताप सोसलास की तेच उतरून उघड्या जागेवर येतात. अट एकच. ती जागा आधी घासावी लागते. काल तू मळावर चकाकी फासलीस. आज चारचौघांत अंगठा घासून दाखवलास, तेव्हाच निम्मी कल्हई झाली."

निवासनं बुडावर पुन्हा एकदा अंगठा फिरवला.

"तुम्हाला सकाळी दारूचा वास आला होता ना?"

"मला? माझं नाक नवसागरानं तीस वर्षांपूर्वीच नेलं. बायको करपलेली भाकरी वाढते, तीही मला कळत नाही."

"म्हणजे मी सांगितलं नसतं, तर..."

"तर मी अजून शाब्बासच म्हणत बसलो असतो."

"आणि पुन्हा जागा उघडी पडली तर?"

"भांडं वापरात आहे, पडूही शकेल. त्याच दिवशी घेऊन ये. पंगतीपर्यंत थांबू नकोस."

तपेलं वेळेत पोचलं. कढी झाली, आणि आचाऱ्याच्या मते तिखट कमी पडलं, पण तो दोष कल्हईवाल्याचा नव्हे. निवास जेवायला थांबला नाही. तो घरी गेला, आईसमोर बसला आणि म्हणाला, "आई, बुधवारी प्यालो होतो. दवाखान्यात सांगायला निघालोय, गुरुवारपर्यंत थांबत नाही. येतेस बरोबर?"

आईनं क्षणभर डोळे मिटले. मग चुलीवरचं पातेलं उतरवून ठेवलं आणि पायांत चपला सरकवल्या.

आपल्या घरातलं कोणी असं घसरून परत आलं, तर त्याला शून्यापासून मोजायला बसू नये. त्याचं आधीचं कथील अजून भिंतीला असतं.