शिळेच्या अलीकडे एक पाऊल

या डोंगराळ मुलुखात आपल्याइतका खरं बोलणारा माणूस नाही, असं अलोपी गावचा म्हातारा स्तामातीस पाहुण्यांना आधीच सांगून टाकतो. मग स्वतःच हसतो. "तसा मी शाळेत दुसरीपर्यंतच गेलो. तेही मास्तरांची शेळी पळवायला."

तो गोष्ट सांगतो ते शर्यतीचं मैदान मात्र खालच्या केरासा गावाचं. धावपट्टीच्या शेवटी एक लांब सपाट शिळा पुरलेली आहे आणि तिच्या अलीकडे एका पावलावर, गुडघे पोटाशी घेऊन बसलेल्या माणसासारखा एक दगड. स्तामातीस त्यावर आपली टोपी ठेवतो आणि सुरू करतो.

फार पूर्वी, म्हणे, केरासाने अलोपी जाळायचं ठरवलं होतं. तेवढ्यात झ्यूसदेवाच्या खेळांची दवंडी पिटली आणि भाले खाली ठेवावे लागले. शपथच तशी होती: शर्यतीतला शेवटचा गडी शिळेला पाय लावेपर्यंत कुणी हत्यार उचलायचं नाही, आणि धावणाऱ्याच्या अंगाला हात लावायचा नाही. अलोपीचा सातू अजून शेतात उभा होता. खेळ संपले की केरासाची माणसं वर चढणार, हे सगळ्यांना ठाऊक होतं.

अलोपीकडून धावला थेरोन. वाऱ्यासारखा, असं सांगतात. वाऱ्याशी शर्यत लावून बघायला तेव्हा कोण गेलं होतं! सगळे मागे पडले. ऑलिव्हचा मुकुट डोक्यावर आल्यातच जमा होता. शिळा एका पावलावर राहिली आणि गडी थांबला. खाली बसला. बाकीचे पुढे निघून गेले, मुकुट दुसऱ्याच्याच डोक्यावर चढला.

"ऊठ, पाय लाव!" केरासाचा सरदार ओरडला.

"दम लागलाय," थेरोन म्हणाला.

त्याला ढकलायची सोय नव्हती. सरदार दातओठ खात राहिला. वर सातू कापून झाला, मळून झाला. द्राक्षं आली, थंडी आली. थेरोनचा दम काही जाईना. भाल्यांना गंज चढला. बसल्या जागी तो म्हातारा झाला आणि बसल्या जागीच त्याचा दगड झाला, असं सांगतात. शर्यत संपलीच नाही, म्हणून ती युद्धबंदीही उठलेली नाही.

आजही वसंतात इथे शर्यत होते. शेवटचा गडी शिळेला पाय लावत नाही. दगडाला टेकून बसतो, आणि केरासाच्या बाया त्याला भाकरी नि अंजिरं आणून देतात. कित्येक वर्षं हा शेवटचा येण्याचा मान आपलाच, हे स्तामातीस छाती फुगवून सांगतो. "आमच्या अलोपीच्या एका माणसाने नुसतं बसून गाव वाचवलं!"

त्याची बायको फोतिनी शेजारीच अंजिरांची टोपली घेऊन बसलेली असते. तिचं माहेर केरासाचं.

"अहो, बसायला काय लागतं? म्हातारा होईपर्यंत त्याला जेवायला कोण घालत होतं, तेही सांगा की पाहुण्यांना."