सात घाटांचं गाणं

फार फार वर्षांमागची, तुमच्या पणजोबांच्या पणजोबांनीही नुसती ऐकलेली अशी ही गोष्ट. तेव्हा एक तळ्याचा देश होता. तळं म्हणजे केवढं! या काठावरून पाहिलं तर पलीकडचा काठ दिसायचा नाही. काठाकाठानं सात घाट, घाटाघाटाला एकेक गाव, वर टेकडीवर राजाचा महाल. आणि तळ्याच्या दक्षिणेला, जिथं कुणी होडी नेत नसे, तिथं सगळं पाणी कड्यावरून खाली कोसळायचं.

त्या देशात धुकं फार. थंडीत पहाटे मासे धरायला गेलेल्या होड्या परत फिरायच्या वेळी असं धुकं उतरायचं, की माणसाला हातातलं वल्हं दिसू नये. हाक मारावी तर ती दहा हातांवर विरून जायची. गाणं मात्र पाण्यावरून सरकत लांबवर जायचं. म्हणून घाटाघाटावरच्या बाया पायऱ्यांवर येऊन बसायच्या आणि गायला लागायच्या.

प्रत्येक घाटाची चाल वेगळी. कुंभारघाटाची मडकं थोपटल्यासारखी, ठपठप. उंबरघाटाची लांबलचक, जांभई देत गायल्यासारखी. पिंपळघाटाच्या बाया तर ओळीच्या मधेच थबकायच्या आणि मग पुढं जायच्या. होडीतली माणसं डोळे मिटून आपलं गाणं ओळखायची आणि त्या दिशेनं वल्ही मारायची. आवाज गोड की घोगरा, कोण बघतंय? माणूस घरी आला, झालं!

पिंपळघाटावर पारूबाई गायची. तिचा आवाज फुटका. तिची लेक शेवंता मात्र गळ्यात मध घेऊनच जन्माला आली होती. ती सात वर्षांची असताना तिचं गाणं राजाच्या कानावर गेलं. राजानं तिला दूरच्या गुरूंकडे धाडलं, आणि पुढं कितीतरी वर्षांनी ती राजगायिका होऊन परतली. तिनं सूर लावला की दरबारातल्या समयासुद्धा सावकाश जळायच्या म्हणे. मी काही पाहायला गेलो नव्हतो. ऐकलं तसं सांगतो.

एकदा थंडी सरता सरता शेजारचा राजा पाहुणा आला. सकाळी तो महालाच्या गच्चीवर उभा होता. खालून सात घाटांची सात गाणी एकमेकांत मिसळून वर आली, आणि पाहुणा पोट धरून हसला. "हे तुमच्या देशाचं गाणं? अहो, हा तर आठवड्याचा बाजार!"

राजाचा चेहरा पडला. पाहुणा गेल्यावर त्यानं राजगायिकेला बोलावणं धाडलं. "शेवंताबाई, देशाचं गाणं कसं असावं?"

शेवंताला आईचा फुटका आवाज आठवला, आणि खरं सांगायचं तर तिला लाज वाटली. ती म्हणाली, "महाराज, एकच असावं आणि सुरेल असावं. मी बांधते. सातही घाटांवर मी आणि माझ्या शिष्या तेच गाऊ. बाकीच्यांनी ऐकावं."

राजा बोले, दळ हाले. दुसऱ्याच दिवशी दवंडी पिटली. घाटावरच्या बाया गप्प झाल्या.

शेवंता आईला भेटायला गेली. पारूबाई तांदूळ निवडत बसली होती.

"आई, आता तुला थंडीत पायरीवर कुडकुडायला नको."

"बरं झालं की. पण पोरी, माझ्या गाण्यात काय खोट होती गं?"

"तू मधेच थबकतेस. तिथं गाणं तुटतं."

"ते थबकणं कशासाठी असतं, ठाऊक आहे तुला?"

पण शेवंता तोवर उठली होती. तिला नव्या गाण्याची घाई होती. शिकलेल्या माणसाचं असं होतं बघा कधी कधी. कान तयार होतात आणि ऐकायचं तेवढं राहून जातं.

पुढच्या थंडीचं पहिलं धुकं उतरलं. पिंपळघाटावर शेवंता स्वतः बसली. तळ्यावर चाळीस होड्या होत्या, त्यांत एक तिच्या बाबांची. तिनं डोळे मिटले आणि गाणं सुरू केलं. सहा घाटांवरून सहा शिष्यांनी तोच सूर उचलला. काय वर्णावं! धुकं जागच्या जागी थांबल्यासारखं झालं. बगळे पाण्यात एका पायावर उभे राहून डोलायला लागले. तळं आहे की स्वप्न, कळेना. शेवंताला वाटलं, आयुष्यभर जे शोधत होते, ते हेच.

पण होडी एकही येईना.

कशी येणार? सातही बाजूंनी एकच गाणं. होड्या गोल गोल फिरत राहिल्या. काठावरच्या बायांची पाचावर धारण बसली. शेवंता आणखी मन लावून गाऊ लागली. तेवढ्यात कुणीतरी तिचा दंड गच्च धरला. पारूबाई होती.

"थांब! ऐक जरा!"

शेवंता थांबली. त्या शांततेत तळ्यावरून अगदी बारीक आवाज आला. बाबा गात होते. पिंपळघाटाची अर्धी ओळ गाऊन ते थबकत होते, पुन्हा गात होते. आणि आवाज दक्षिणेकडून येत होता. कड्याच्या बाजूनं!

"आपण थबकतो ना, तिथं होडीनं गाऊन ओ द्यायची असते," पारूबाई म्हणाली. "ती ऐकायला थांबतो आपण."

शेवंताच्या काळजात चर्र झालं. तिनं आईचे पाय धरले. "आई, तू गा. चुकले मी. तू गा गं!"

पारूबाई राजाच्या हुकमाला भ्यायली नाही. तिनं फुटक्या आवाजात ओळ उचलली आणि मधे थबकली. तळ्यावरून ओ आली. ती पुन्हा गायली. ओ थोडी जवळून आली. ते ऐकून कुंभारघाट ठपठपायला लागला, उंबरघाटानं जांभई दिली, एकेक करून सातही घाट जागे झाले. धुक्यातून होड्यांची टोकं दिसू लागली. चाळीसच्या चाळीस होड्या आपापल्या घाटाला लागल्या. बायांच्या जिवात जीव आला.

बाबा पायरीवर मटकन बसले. "आज धुक्यात काय गोड गाणं चाललं होतं! इतकं गोड, की घर कुठं तेच कळेना."

"मी गात होते, बाबा."

बाबांनी तिच्या डोक्यावर ओला हात ठेवला. "सोन्याचा गळा आहे गं तुझा. पण मी किती वेळा ओ दिली, पोरी. तू थांबलीच नाहीस."

शेवंता आईच्या मांडीवर डोकं ठेवून पोटभर रडली. मग तशीच उठून महालात गेली आणि राजाला सगळं सांगितलं. राजानं त्याच दिवशी उलटी दवंडी पिटवली.

पुढं शेवंता दरबारात गायची, पण थंडीच्या सकाळी ती आईशेजारी पायरीवर असायची. फुटक्या आवाजाच्या मागं मागं गायची आणि आई थबकली की थबकायची. शेजारचा राजा पुन्हा आला, पुन्हा हसला. तेव्हा आपला राजा शांतपणे म्हणाला, "हसा, महाराज. पण आमची माणसं याच बाजारातून घरी येतात."

म्हणून सांगतो, लहानांनो आणि मोठ्यांनो: ज्या गाण्यात दुसऱ्याच्या आवाजाला जागा असते, तेच गाणं देशाचं होतं.