शेवटचं पान

खडकेवाडीची तरणी माणसं एकेक करून राजधानीत कामाला गेली आणि गाव ओस पडलं. आता गाव सुधारावं कसं, हे ठरवायला खुद्द राजेसाहेब दोन विद्वानांना घेऊन तिथे आले.

दिवाण त्र्यंबकपंत म्हणाले, "आधी राजधानी भरू द्या. तिथून ओसंडेल ते आपोआप खेड्यात येईल."

शिवदेवशास्त्री कडाडले, "राजधानीच खेडी शोषून घेते! वेशीला भिंत घाला, काही बाहेर जाऊ देऊ नका."

वाद मिटेना, तोवर पंगत बसली. वाढायला गोजराबाई होती. तिचा लेक रायाजी राजधानीत गेल्यापासून तिचे डोळे वेशीकडेच लागलेले असत. तिने परातभर लाडू एकट्या पंतांच्या पानात ओतले आणि ती हात जोडून उभी राहिली.

शेवटच्या पानावर पडेपर्यंत कुणी घास उचलायचा नाही, ही गावची रीत. पंत कासावीस झाले. "अगं, पुढे वाढ की!"

"ओसंडून जाईल की आपोआप, पंत."

शास्त्री खदखदून हसले. "म्हणून म्हणतो, भिंतच हवी!"

"आणि माझा रायाजी आत कुठनं येईल, शास्त्रीबुवा?"

शास्त्र्यांचं हसू मावळलं. राजेसाहेब उठले आणि त्यांनी पंतांच्या पानातले लाडू पुन्हा परातीत घेतले. "कुठून वाढू, बाई?"

तिने पंगतीच्या टोकाकडे बोट केलं. तिथे पान मांडलेलं होतं, पाट मात्र रिकामा होता.

"तिथनं, म्हाराज. त्या पानावर वेळेत पडलं असतं, तर माझं लेकरू पंगत सोडून उठलंच नसतं."